गाण्याच्या चित्रफितीत अर्थ कोठून येतो?

गाण्याची एखादी चित्रफीत लावा आणि आवाज पूर्ण बंद करा. माणसे उगाच हातवारे करीत आहेत, असे वाटेल. आवाज वाढवताच तेच हातवारे आनंदाचे किंवा विरहाचे होतात. मग अर्थ चित्रात होता, की सुरांत?

तो दोहोंच्या जोडणीत असतो. १९७६ साली मॅकगर्क व मॅकडोनाल्ड या मानसशास्त्रज्ञांनी एक प्रयोग प्रसिद्ध केला. पडद्यावरचे ओठ ‘गा’ म्हणत होते, पण ध्वनी ‘बा’ जोडला होता. बहुतेक प्रौढांना ऐकू आले ‘दा’! म्हणजे डोळ्यांनी कानांची साक्ष बदलली.

कलावंतांनीही जोडणीचे असे प्रयोग केले आहेत. मुंबईत अकबर पदमसी यांनी १९६९ साली सुरू केलेल्या कार्यशाळेत नलिनी मलानी यांनी घरांच्या रंगीत आकारांची ‘ड्रीम हाउसेस’ ही फिल्म केली. १९७६ मध्ये तिच्या शेजारी त्यांनी शहराकडे पाहणाऱ्या तरुणीची कृष्णधवल फिल्म ठेवली. या जोडकृतीचे नाव ‘युटोपिया’. घरे एकटी पाहिली तर स्वप्न दिसते. दोन्ही शेजारी पाहिली, की ते स्वप्न अपुरे राहिले हे न सांगता उमगते.

गाण्यात ही जोडणी वेळेची असते. सेकंदाला २५ चित्रे धरली, तर एक चित्र ०.०४ सेकंद टिकते. मिनिटाला १०० ठोके असतील, तर दोन ठोक्यांत ०.६ सेकंद, म्हणजे १५ चित्रे. दर पंधराव्या चित्राला दृश्य बदलले, की ठोका आणि दृश्य मेंदूला एकच घटना वाटते.

आता स्वतः करून पाहा. मोहोपाड्याजवळ वाहणाऱ्या पाताळगंगेचे, सुरक्षित अंतरावरून, एक मिनिट चित्रण करा. त्याच्या तीन प्रती काढा. एकीला बासरी, दुसरीला ढोलांचा वाढता गजर जोडा. तिसरी मूक ठेवा. वर्गाचे तीन गट करून प्रत्येकाला एकच प्रत दाखवा आणि विचारा, “पाणी चढते आहे का?” चित्र तेच, बदलला तो फक्त ध्वनी. म्हणून उत्तरांत ठळक फरक पडला, तर तो ध्वनीमुळे पडला असण्याचा संभव मोठा.

पावसाळ्यात पुराच्या चित्रफिती हातोहात फिरतात. तेव्हा आधी आवाज बंद करा, तारीख व ठिकाण शोधा, पाणी पुलाच्या खांबावर कोठवर आले आहे ते पाहा. पाण्याची उंची मीटरमध्ये मोजतात, ढोलाच्या ठोक्यांत नव्हे.