ढोलकीचे दोन बोल

पहाटे पाच. मे महिन्यात बाभुळगावात हीच तेवढी गार वेळ. अंगणात ढोलकी मांडीवर घेतो आणि चाटीवर, म्हणजे बारीक आवाजाच्या तोंडावर, बोट टाकून बघतो. रात्रीतून चामड्याची पुडी जराशी उतरलेली असते. पाना घेऊन समोरासमोरचे नट अर्धा-अर्धा फेरा आवळत जायचं. एकाच बाजूचे आवळले तर पुडी तिरपी बसते, मग दिवसभर सूर सापडत नाही.

सात ते दहा वावरात. वखरणी संपत आली.

साडेदहा. सुटीतली तीन पोरं केरवा शिकायला येतात. आज त्यांना मोबाईलवर एक गाणं ऐकवलं. धाकटा लगेच म्हणाला, "कुठचं गानं हाय हे, भाऊ? ठेका तं आपलाच हाय!"

इंडोनेशियाचं आहे, म्हटलं. याला दांगदुत म्हणतात. 'दांग' आणि 'दुत' हे बोल आहेत, हाताचे, चामड्यावरचे. 'दुत'ला धुम्यावर, म्हणजे खर्जाच्या तोंडावर, हात किंचित दाबून सरकवला की आवाज घुमत जातो. पोरांना वाजवून दाखवला. तिघांनाही जमेना, पण कोणी उठायला तयार नव्हतं.

दुपार. ऊन असं की बाहेर कुत्रंही दिसत नाही. कडुनिंबाखाली खाटेवर पडून मी हेच ऐकतो. 1950च्या दशकात इंडोनेशियात हिंदी सिनेमे धो-धो चालले. एल्या खादम नावाची गायिका लताबाईंच्या वळणानं गाऊ लागली. पुढे 1970च्या दशकात रोमा इरामा यांनी आपल्या सोनेता या वाद्यवृंदात इलेक्ट्रिक गिटार आणली, रॉकचा जोर आणला. बासरी आणि ढोलक मात्र सोडली नाही. त्यांच्या एका गाजलेल्या गाण्याचं नावच हिंदी वळणाचं आहे, 'तेराजाना'. शिकलेल्या शहरी लोकांनी या संगीताला गावंढळ म्हणून नाकं मुरडली. मजुरांनी, रिक्षावाल्यांनी, खेड्यातल्या बायांनी ते उचलून धरलं. 2014मध्ये तिथल्या टीव्हीवर दांगदुतची मोठी स्पर्धा सुरू झाली. 2018च्या आशियाई खेळांचं अधिकृत गाणं म्हणायला बोलावलं ते व्हिया व्हालेन हिला, दांगदुतच्याच गायिकेला.

मला सगळ्यात आवडतो तो पूर्व जावाचा कोप्लो. दांगदुतच, पण ठेका दामटलेला, ढोलकीवाल्याला श्वास घ्यायला जागा नाही. न्यू पलापा या वाद्यवृंदातले चाक मेत वाजवतात तेव्हा मी पडलेला उठून बसतो. गायिका समोर गात असते, तरी लोक यांनाही नावानं ओळखतात. वादकाला नाव असणं ही केवढी गोष्ट आहे, हे मागच्या रांगेत बसून वाजवणाऱ्यालाच कळेल.

पाच वाजता मालवाहू गाडीत सामान टाकून धामणगाव रोडनं निघालो. उन्हानं पुडी आता उलट चढलेली. नट सैल केले, ओलं फडकं गुंडाळलं.

साडेसात. हळदीचा मांडव. कीबोर्डवाल्याच्या पेटीत ठेके आधीच भरलेले असतात, बटण दाबलं की केरवा सुरू. माईक दोन, एक गाणाऱ्याला, एक निवेदकाला. मी वाजवत होतो, ऐकू फक्त शेजारच्या बाईला जात असावं. नवरदेवाची आजी सरकत जवळ आली, "जोरात वाजव ना रे बाबू," म्हणाली. निवेदकाचा माईक मागून घेतला आणि चाटीपाशी धरायला एका पोराला उभं केलं. पहिल्याच तोड्याला बाया उठल्या. आजी बसल्या जागी हात हलवत होती.

दहाला स्पीकर बंद, तसा कायदाच आहे. साडेअकराला घरी.

पुढच्या महिन्यात तुमच्याकडे हळद असेल तर बाप्पा, डीजे सांगा, कीबोर्ड सांगा, हरकत नाही. पण एक ढोलकीवाला सांगा, आणि त्याच्यापुढे दोन माईक ठेवा. एक चाटीला, एक धुम्याला.