वर साडेआठ हजार, खाली ऐंशी

दुसऱ्या महायुद्धात जर्मनीने सर्वांत जास्त संख्येने बांधली ती ‘टाइप सात’ जातीची पाणबुडी. सगळे उपप्रकार धरले तर सुमारे ७००. त्यातली आज एकच धडपणे उभी आहे, यू-९९५. कीलजवळच्या लाबोए गावी समुद्रकिनाऱ्यावर ती ठेवली आहे आणि तिकीट काढून आत जाता येतं. या जातीतल्या ‘सात-सी’ प्रकाराच्या तक्त्यात दोन आकडे एकाखाली एक छापलेले असतात. पाण्यावरून १० नॉट वेगाने गेल्यास पल्ला ८,५०० सागरी मैल. पाण्याखालून ४ नॉट वेगाने गेल्यास ८०.

छपाईची चूक नाही, ऐंशीच. म्हणजे १४८ किलोमीटर. मुंबईहून पुण्याला जाण्याइतकं अंतर, तेही ताशी साडेसात किलोमीटरच्या चालीने, वीस तासांत. घाई करायची ठरवलं तर वेग फार तर साडेसात नॉटपर्यंत जाई, पण मग तास-दोन तासांत बॅटऱ्या बसत. ज्या यंत्राने चर्चिलची झोप उडवली ते मुळात समुद्राच्या पोटात राहणारं यंत्र नव्हतंच. गरज पडली की बुडी मारता येणारी ती एक टॉर्पेडो बोट होती.

कारण साधं. डिझेल इंजिनाला हवा लागते आणि पाण्याखाली ती नसते. म्हणून वर असताना डिझेल, खाली गेल्यावर विजेच्या मोटारी. मोटारींना वीज देत १२४ सेल. एकेक सेल माणसाच्या कमरेएवढा, आणि सगळ्यांचं मिळून वजन साठेक टन. बोटीचं एकूण वजन ७६९ टन, म्हणजे बाराव्या-तेराव्या हिश्शाइतका शिशाचा आणि आम्लाचा ऐवज झोपायच्या जागांच्या फळ्यांखाली पसरलेला. एवढं वाहून हाती काय लागे, तर ऐंशी मैल. त्यानंतर वर येऊन, डिझेल चालू करून, तासन् तास चार्जिंग.

बोटीची लांबी ६७ मीटर, पण माणसं राहत ती आतली दाबरोधक नळी ५० मीटरची आणि सर्वांत रुंद जागी व्यास जेमतेम ४.७ मीटर. त्यात दोन डिझेल इंजिनं, दोन मोटारी, टॉर्पेडो सोडायच्या पाच नळ्या, टॉर्पेडोंचा साठा आणि ४४ ते ५२ माणसं. एकेक टॉर्पेडो सात मीटर लांब, दीड टनाहून जड. पुढच्या दालनात खलाशी अक्षरशः टॉर्पेडोंच्या अंगावर राहत. पहिले दोन-चार सुटले की जागा मोकळी होई, तेव्हा हल्ला यशस्वी झाल्याचा आनंद दुहेरी असे. संडास दोन. त्यातला एक मोहिमेच्या सुरुवातीला डबे-पोत्यांनी भरलेला, म्हणजे पन्नास माणसांत एक. आंघोळ नाही.

या नळीच्या पोलादाची जाडी १८.५ मिलिमीटर, दोन सेंटिमीटरसुद्धा नाही. दोनशे मीटर खोलीवर तिच्या प्रत्येक चौरस मीटरवर २०० टन पाणी रेलत असे. डेप्थ चार्ज पडू लागले की कप्तान याहूनही खाली जात, कारण वरचा बॉम्ब जास्त भरवशाचा की खालचा समुद्र, हा हिशेब तेव्हाच्या तेव्हा करावा लागे.

हिशेब तर चोवीस तास चाले, आणि तो करणारा मुख्य अभियंता हा माझ्या मते बोटीवरचा सर्वांत थकलेला माणूस. बुडालेली बोट म्हणजे तराजूचा काटा. दीड टनाचा टॉर्पेडो सुटला की पुढचं टोक वर उसळतं, म्हणून त्याच क्षणी तेवढंच पाणी आत घ्यायचं. इंधन जळलं, बटाटे संपले, सगळ्याची नोंद ठेवून टाक्यांमधलं पाणी कमीजास्त करायचं. अचानक बुडी मारायची वेळ आली तर मोकळी असतील ती सगळी माणसं पुढच्या टोकाकडे धावत सुटत. आडव्या लिव्हरांवरून, गोल दारातून अंग चोरून, एकमेकांच्या पाठीवर. पंचेचाळीस माणसं, सरासरी सत्तर किलो, म्हणजे तीन टनांहून जास्त वजन पाच-सात सेकंदांत पुढे सरकलं. तेवढ्याने नाक लवकर खाली जाई. पूर्ण बुडायला पंचवीस-तीस सेकंद लागत.

या तीस सेकंदांवर आणि त्या ऐंशी मैलांवर अटलांटिकची सगळी लढाई फिरली.

आधी फिरली ती जर्मनांच्या बाजूने. व्यापारी जहाजांचे मंद काफिलेसुद्धा सात-आठ नॉटने जात, म्हणजे पाण्याखालची पाणबुडी त्यांच्या मागे राहायची. मग रात्री वर यायचं आणि डिझेलवर सतरा नॉटने धावून काफिल्यात घुसायचं. ब्रिटिशांचं ध्वनियंत्र पाण्याखालची बोट हुडकायला बनवलेलं, पाण्यावरच्या बोटीचा त्याला पत्ता लागेना. ऑक्टोबर १९४० मध्ये ‘एससी-७’ या काफिल्यातल्या ३५ जहाजांपैकी २० गेली. यू-४८ या एकाच बोटीने युद्धात ५० हून अधिक जहाजं बुडवली. उलट, जर्मनीच्या निम्म्याहून जास्त पाणबुड्यांच्या नावावर एकही जहाज नाही. सरासरी काढायला बसलं तर हा विषय हाताला लागत नाही तो असा.

याच यू-४८ ने १७ सप्टेंबर १९४० च्या रात्री ‘सिटी ऑफ बनारस’ बुडवलं. ब्रिटनमधून कॅनडाला सुखरूप पाठवली जाणारी ९० मुलं त्यावर होती, त्यातली ७७ दगावली. जहाजावरचे बहुतेक खलाशी हिंदुस्थानी. बारा नंबरच्या होडीत ४६ जण होते, त्यातही बहुसंख्य हेच खलाशी. आठ दिवसांनी एका विमानाला ती होडी दिसली. ब्रिटिश व्यापारी जहाजांवर रत्नागिरीकडचे सारंग-टंडेल आणि गोव्याचे आचारी-बटलर पिढ्यान् पिढ्या नोकरी करत आले होते. त्या युद्धात सहा हजारांहून अधिक हिंदी खलाशी मेले. पाणबुड्यांच्या कप्तानांची नावं पाठ असलेले वाचक मला भेटतात, या सहा हजारांतलं एकही नाव सांगणारा अजून भेटलेला नाही.

मग विमानं आली. दहा सेंटिमीटर तरंगलांबीचं रडार आलं, त्याला रात्रीच्या अंधारातही पाण्यावरची बोट दिसू लागली. लांब पल्ल्याची लिबरेटर विमानं मध्य अटलांटिकपर्यंत पोहोचली. ताशी तीनशे किलोमीटरने येणारं विमान तीस सेकंदांत अडीच किलोमीटर कापतं. टेहळ्याने ते अडीच किलोमीटरच्या आत पाहिलं, तर गणित तिथेच संपलं. आणि वर न येऊन चालणार कसं? बॅटऱ्या भरायच्याच होत्या. मे १९४३ या एका महिन्यात चाळीसहून जास्त पाणबुड्या गेल्या. त्यातल्या यू-९५४ वर नौदलप्रमुख डोनिट्झचा धाकटा मुलगा पेटर होता. त्या बोटीतलं कोणीही वाचलं नाही. महिना संपायच्या आत डोनिट्झने उत्तर अटलांटिकमधून पाणबुड्या मागे घेतल्या.

त्याच वसंतात सुभाषबाबू समुद्रावर होते. ९ फेब्रुवारी १९४३ ला कील सोडलेली त्यांची यू-१८० ‘टाइप नऊ’ घराण्यातली मोठी बोट, ८७ मीटरची. तिनेही बहुतेक प्रवास पाण्यावरूनच केला, दुसरा इलाजच नव्हता. २८ एप्रिलला मादागास्करजवळ खवळलेल्या समुद्रात रबरी होडीतून ते आणि त्यांचे सहकारी आबिद हसन जपानी पाणबुडी आय-२९ वर गेले. निघायला मे उजाडला असता, तर उत्तर अटलांटिकमधून निसटणं कितपत जमलं असतं, हे मे महिन्याचा आकडा पाहून ज्याचं त्याने ठरवावं.

बॅटरीचा आणखी एक दुर्गुण होता. तिला समुद्राचं पाणी लागलं की क्लोरीन वायू सुटतो. एप्रिल १९४५ मध्ये स्कॉटलंडजवळ यू-१२०६ च्या संडासाच्या नळीतून पाणी आत आलं आणि थेट खालच्या सेलांवर गेलं. बोट वर आणावी लागली, वर विमानं होतीच. कप्तानाने बोट बुडवायचा हुकूम दिला. चार माणसं गेली, बाकीची कैद झाली. लोक हा किस्सा हसत सांगतात. मला त्यात तेच १२४ सेल दिसतात.

एकूण ताळेबंद असा: सुमारे १,१५० पाणबुड्या सेवेत आल्या, साडेसातशेहून अधिक गमावल्या. मोहिमेवर गेलेली माणसं साधारण ४०,०००, परत न आलेली ३०,००० च्या आसपास. चारांतली तीन. त्यांनी बुडवली ती २,८०० च्या घरातली व्यापारी जहाजं, १ कोटी ४० लाख टनांची. आणि एकट्या अमेरिकेने युद्धकाळात फक्त लिबर्टी जातीची जहाजं बांधली २,७१०.

जर्मन अभियंत्यांना दुखणं कळलं होतं. औषधही त्यांनी काढलं: ‘टाइप एकवीस’. सेल १२४ ऐवजी ३७२, पाण्याखाली वेग सतरा नॉट, ५ नॉटने पल्ला ३४० मैल. बोटीचे आठ तुकडे वेगवेगळ्या कारखान्यांत तयार करून नंतर जोडायचे, असा घाईचा कारभार. ११८ बोटी सेवेत दाखल झाल्या, पण मोहिमेवर निघाल्या दोनच, त्याही युद्धाच्या शेवटच्या दिवसांत. दोघींनी मिळून बुडवलेली जहाजं शून्य.

युद्धानंतर अमेरिका, ब्रिटन आणि रशिया यांनी या बोटी वाटून घेतल्या आणि खोलून पाहिल्या. त्या अभ्यासातून रशियात आधी झुलू आणि मग फॉक्सट्रॉट जात आली. ८ डिसेंबर १९६७ रोजी रीगा बंदरात भारतीय नौदलात दाखल झालेली पहिली ‘कलवरी’ फॉक्सट्रॉटच. तिच्या पोटात सेल होते ४४८.