स्वतःचे गाणे

१९९३ च्या भूकंपानंतर नव्या जागी वसलेल्या किल्लारीत काय, किंवा मराठवाड्यातील इतर कोणत्याही गावात काय, एकादशीच्या रात्री भजन ऐकताना एक गोष्ट ध्यानात येते. पखवाजवाला ठेका धरतो, पेटीवाला सुरांची साथ करतो, टाळकरी लय राखतात आणि बुवा अभंग उचलतात. प्रत्येकाचे काम निराळे. पण कानांवर पडते ते एकच गाणे.

मुलांनो, रॉक संगीताचे तत्त्वही हेच आहे. हे संगीत १९५० नंतरच्या दशकात अमेरिकेत उदयास आले व जगभर पसरले. त्यात विजेवर चालणारी गिटार सुरावट वाजवते, बेस गिटार खर्जाचे सूर देते आणि ढोल व झांजांचा संच, म्हणजे ड्रम, ताल सांभाळतो. अशा वादकांच्या मेळ्यास 'बँड' म्हणतात.

१९८४ साली मुंबईत 'रॉक मशीन' नावाचा असा एक बँड स्थापन झाला. उदय बेनेगल हे त्याचे गायक. महेश तिनईकर व जयेश गांधी गिटार वाजवीत, मार्क सेल्विन बेस गिटार, झुबिन बालापोरिया कीबोर्ड आणि मार्क मेनेझिस ड्रम. त्या काळी आपल्याकडील बहुतेक बँड परदेशी कलावंतांची गाणी हुबेहूब वाजवीत. श्रोत्यांनाही तीच हवी असत. ओळखीचे गाणे वाजवले की टाळ्या ठरलेल्या. नवे वाजवले तर त्या मिळतील याचा भरवसा नसे. तरीही या तरुणांनी स्वतः रचलेली गाणी वाजवण्याचा निश्चय केला. ती गाणी इंग्रजीत होती. पण उसनी नव्हती. १९८८ साली 'रॉक अँड रोल रेनेगेड' हा त्यांचा पहिला अल्बम निघाला.

अल्बम म्हणजे एकत्र प्रसिद्ध केलेला गाण्यांचा संच. तो ध्वनिमुद्रणगृहात कसा तयार होतो? तेथे सर्वांनी एकाच वेळी वाजवलेच पाहिजे असे नाही. बहुधा आधी ताल मुद्रित करतात. तो कानांत ऐकत दुसरा वादक आपले वाद्य वाजवतो; गायकाचा आवाज मागाहून घेतात. एखादी चूक झाली, तर तेवढाच भाग पुन्हा वाजवता येतो. शेवटी हे निरनिराळे आवाज कमीअधिक करून एकत्र मिसळतात. त्यास ध्वनिमिश्रण म्हणतात. एकही वाद्य दुसऱ्यास झाकणार नाही, हे पाहण्यातच मिश्रण करणाऱ्याचे कौशल्य असते.

१९९३ मध्ये या बँडने 'इंडस क्रीड' हे नाव धारण केले. इंडस म्हणजे सिंधू नदी. त्या नावाचा अल्बम १९९५ साली आला. परंतु १९९७ मध्ये बँड विखुरला आणि वादक आपापल्या वाटेने गेले. पुढे २०१० मध्ये बेनेगल, तिनईकर व बालापोरिया पुन्हा एकत्र आले. नव्या साथीदारांसह त्यांनी २०१२ साली 'इव्हॉल्व्ह' हा अल्बम काढला. मागील अल्बमनंतर तब्बल सतरा वर्षे लोटली होती. आणि याही वेळी गाणी त्यांची स्वतःचीच होती.

थोरांची गाणी गाऊन गळा तयार होतो, यात संशय नाही. भजनी मंडळही संतांचेच अभंग गाते. मात्र एखाद्या रात्री कोणी धीर करून जुन्याच अभंगास नवी चाल लावतो. क्षणभर टाळ अडखळतात, आणि मग सारे मंडळ ती चाल उचलते. तो धीर करणारा आणि त्याला साथ देणारे, दोघेही हवेत. त्यांच्यावाचून नवे गाणे जन्मास येत नाही.