मोहाच्या सडव्याचा आवाज

गडचिरोलीच्या जंगलात मार्च-एप्रिलमध्ये पहाटे गळणारी मोहफुले वाळवून पाण्यात भिजवली, की तयार होणाऱ्या ‘सडव्या’तील साखरेवर यीस्ट हे सूक्ष्म एकपेशीय कवक काम करू लागते आणि मद्यार्काबरोबर कार्बन डायऑक्साइड वायू निर्माण होतो. त्याचे बुडबुडे फुटताना माठात होणारी बुदबुद हेच काळाचे माप ठरते. उष्म्यात लवकर ओसरणारी, थंडीत रेंगाळणारी ही बुदबुद थांबली, की सडवा ऊर्ध्वपातनास, म्हणजे उकळून त्याची वाफ थंड करण्यास, योग्य झाला असे समजता येते. कानाने मिळवलेले हे ज्ञान मोलाचे आहे, कारण ते प्रयोगशाळेवाचून मिळाले आहे; किण्वन, म्हणजे आंबण्याची ही प्रक्रिया, सजीवांचीच क्रिया असल्याचे शास्त्रज्ञ लुई पाश्चर यांनी प्रयोगशाळेत दाखवण्यास प्रारंभ केला, तो १८५७ मध्ये.