सयाजीराव गायकवाड : सिंहासन आणि शाळा

संस्थानिक म्हटला की हत्तीची अंबारी, रत्नजडित शिरपेच आणि तोफांची सलामी हेच चित्र डोळ्यांपुढे उभे राहते. परंतु इंग्रजी अमलात त्या वैभवामागे खरी सत्ता कितीशी उरली होती, याचा विचार फारसा होत नाही. बडोद्याच्या सयाजीराव गायकवाडांचे चरित्र या दृष्टीने पाहण्यासारखे आहे.

त्यांचे सिंहासनारोहणच इंग्रजी सत्तेच्या छायेत झाले. १८७५ साली इंग्रज सरकारने मल्हारराव गायकवाडांना पदच्युत केले. त्यानंतर खंडेरावांच्या विधवा राणी जमनाबाई यांनी त्याच सरकारच्या संमतीने नाशिक जिल्ह्यातील कवळाणे गावचा बारा वर्षांचा गोपाळ दत्तक घेतला. शेतकरी घरातल्या या मुलाचे शिक्षण तोवर जवळजवळ झालेलेच नव्हते. इलियट नावाच्या इंग्रज शिक्षकाने त्यास शिकविले. राज्यकारभाराचे धडे दिवाण सर टी. माधवरावांनी दिले. २८ डिसेंबर १८८१ रोजी पूर्ण अधिकार हाती आले.

पूर्ण अधिकार हे शब्द मात्र जपूनच घ्यावयाचे. परराज्यांशी संबंध इंग्रजांच्या हाती होते, सैन्यावर मर्यादा होती आणि रेसिडेंटाची नजर दरबारावर सदैव असे. राजाला मोकळे असे एकच क्षेत्र राहिले होते. ते म्हणजे प्रजेचे नित्याचे जीवन. सयाजीरावांनी नेमके तेच निवडले.

१८९३ साली काठियावाडातील अमरेली शहरात व आसपासच्या काही खेड्यांत सक्तीच्या मोफत प्राथमिक शिक्षणाचा प्रयोग सुरू झाला. शेतावर राबणारे मूल शाळेत धाडणे गरीब कुटुंबास जड जाई. म्हणून मूल न पाठविणाऱ्या पालकास दंड करण्याची तरतूद करावी लागली. १९०६ साली तो कायदा साऱ्या राज्याला लागू झाला. मुलांना सात ते बारा आणि मुलींना सात ते दहा वर्षांपर्यंत शिक्षण सक्तीचे झाले. शिकलेले अक्षर पुन्हा विसरले जाऊ नये म्हणून १९१० नंतर गावोगावी वाचनालये उघडली आणि पुस्तकांच्या पेट्या खेड्यापाड्यांत फिरू लागल्या.

याच सुमारास गोपाळ कृष्ण गोखले यांनी बडोद्याचा दाखला देऊन, १९११ साली, इंग्रजी मुलखासाठी तसेच विधेयक मांडले. पुढच्याच वर्षी ते फेटाळले गेले. मांडलिक राजाने जे करून दाखविले, ते सार्वभौम सरकारास नको होते.

१९११ च्या डिसेंबरातील दिल्ली दरबारात बादशहास ठरल्या रीतीने मुजरा न करता सयाजीराव पाठ फिरवून परतले, असा गवगवा झाला. त्यांना दिलगिरीचे पत्र धाडावे लागले. मुजऱ्याच्या रीतीतील चुकीबद्दलही एवढ्या मोठ्या राजास जबाब द्यावा लागे, यावरून त्या सिंहासनाची उंची कळून येते.

तथापि एक मर्यादा इंग्रजांची नव्हती. अंत्यजांच्या मुलांसाठी बडोद्यात शाळा निघाल्या, तेव्हा तेथे शिकविण्यास सवर्ण शिक्षक राजी होईनात. १९१३ साली बडोद्याच्या शिष्यवृत्तीवर भीमराव आंबेडकर अमेरिकेस गेले. १९१७ साली ते दरबारच्या नोकरीसाठी बडोद्यास आले, तेव्हा त्या शहरात त्यांना राहावयास जागा मिळेना. आपली ओळख लपवून ते एका पारशी वसतिगृहात उतरले. तेथूनही त्यांना बाहेर काढण्यात आले आणि अखेर बडोदे सोडावे लागले. राजाच्या हुकमाने शाळा उघडली. लोकांच्या घराची दारे काही उघडली नाहीत.

६ फेब्रुवारी १९३९ रोजी मुंबईत सयाजीरावांचे निधन झाले. १९४९ साली बडोदे संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले. मुलांच्या मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा हक्क सांगणारा, साऱ्या देशासाठीचा कायदा संसदेने केला तो २००९ साली. अमरेलीच्या त्या प्रयोगाला तेव्हा शंभरांहून अधिक वर्षे लोटली होती.