मळीतून टायरकडे जाणारी वाट

१९८४ च्या मे महिन्यात मी एका साखर कारखान्याच्या डिस्टिलरीत, प्रयोगशाळेत रुजू झाले. हंगाम आटोपला होता, मळीच्या टाक्या काठोकाठ भरल्या होत्या, म्हणून उरलेली मळी मातीच्या खड्ड्यांत सोडली होती. साखर काढून झाल्यावर उरतो तो हा काळा, चिकट पाक. उन्हात तो फसफसायचा आणि त्याचा आंबूस-गोड वास वसाहतीपर्यंत यायचा. मृगाच्या पहिल्याच पावसात एका खड्ड्याचा बांध फुटला. मळी ओढ्यात उतरली. दुसऱ्या दिवशी सकाळी मासे उताणे तरंगत होते. आमचे चीफ केमिस्ट काठावर उभे होते. माझ्याकडे न बघताच म्हणाले, “बाई, हे रबर वाहून चाललंय.”

मला वाटले, माझ्या ऐकण्यात चूक झाली. प्रयोगशाळेत परतल्यावर त्यांनी नोंदवहीच्या मागच्या पानावर आकृती काढून दाखवली. मळीत यीस्ट घातले की अल्कोहोल होते, ते तर आमचे रोजचेच काम होते. अल्कोहोलच्या एका रेणूत कार्बनचे दोन अणू असतात. असे दोन रेणू तापलेल्या उत्प्रेरकावरून नेले, की त्यांच्यातले पाणी आणि थोडा हायड्रोजन निघून जातो आणि चार कार्बनची साखळी उरते. तिचे नाव ब्युटाडाइन. साध्या तापमानाला हा वायू असतो. हे रेणू एकापुढे एक हजारोंनी जोडले, की रबर होते.

जोडण्याची रीत मला फार आवडली, कारण ती स्वयंपाकघरातल्यासारखी आहे. ब्युटाडाइनमध्ये स्टायरीन नावाचे दुसरे रसायन घालून दोन्ही साबणाच्या पाण्यात घुसळतात. तयार होते ते दिसायला थेट दुधासारखे. मग त्यात मीठ आणि आम्ल घालायचे. लिंबू पिळल्यावर दूध फाटते तसे ते फाटते आणि रबराचा चुरा वर येतो. तो धुऊन, वाळवून, दाबून गठ्ठे बांधले की टायरवाल्यांकडे रवाना. गाडीच्या टायरचा रस्त्याला टेकणारा भाग बहुतेक याच जातीच्या रबराचा असतो.

हे सारे कागदावरचे नव्हते. उत्तर प्रदेशात बरेलीजवळ ‘सिंथेटिक्स अँड केमिकल्स’ या मुंबईच्या किलाचंद घराण्याच्या कंपनीने १९६३ मध्ये देशातला पहिला कृत्रिम रबराचा कारखाना सुरू केला. तंत्रज्ञान अमेरिकेच्या फायरस्टोनचे, वर्षाला ३०,००० टनांची क्षमता, आणि ब्युटाडाइन येत होते अल्कोहोलपासून, म्हणजे उसाच्या मळीपासून. त्या काळी या देशात धावणाऱ्या कितीतरी टायरांत शेतातला ऊस होता, हे आजही फार थोड्यांना ठाऊक आहे.

वाट त्याहून जुनी आहे. १९२६ मध्ये सोव्हिएत सरकारने कृत्रिम रबरासाठी स्पर्धा जाहीर केली आणि दोन किलोचा नमुना मागितला. लेनिनग्राडचे रसायनशास्त्रज्ञ सर्गेई लेबेदेव यांनी अल्कोहोलपासून बनवलेला नमुना १९२७ च्या अखेरीस, मुदत संपता संपता पाठवला. १९३२ मध्ये यारोस्लाव्हलला कारखाना सुरू झाला. तिथे अल्कोहोल बटाट्याचे आणि धान्याचे. पुढे १९४२ मध्ये जपानने मलाया आणि डच ईस्ट इंडिज घेतले, अमेरिकेचे नैसर्गिक रबर तुटले, तेव्हा तिथेही धान्याच्या अल्कोहोलपासून प्रचंड प्रमाणात ब्युटाडाइन तयार झाले.

मग ही वाट बंद का पडली? पेट्रोलियममुळे. नॅफ्था तापवून इथिलीन काढताना ब्युटाडाइन जोडउत्पादन म्हणून आयतेच मिळते. त्याच्याशी किमतीत टक्कर देणे अल्कोहोलला जमेना. १९९३ मध्ये केंद्राने मळीवरचे नियंत्रण उठवले आणि मळी महागली. शेतकऱ्याच्या दृष्टीने ते बरोबरच होते, पण अल्कोहोलवर चालणाऱ्या रसायन कारखान्यांचे गणित मोडले. बरेलीचा कारखानाही पुढे बंद पडला. २०१३ मध्ये पानिपतला कृत्रिम रबराचा नवा कारखाना उभा राहिला, तो नॅफ्थ्यावरच.

कायद्याचाही पाय अडकलेला होता. आमच्याकडे अल्कोहोलच्या टाकीला दोन कुलुपे असत. एक किल्ली आमच्याकडे, दुसरी उत्पादन शुल्काच्या इन्स्पेक्टरकडे. जे अल्कोहोल कोणी पिणार नाही, त्यावर राज्याने कर लावावा का, या प्रश्नावर बरेलीचीच कंपनी सर्वोच्च न्यायालयात गेली. १९८९ मध्ये सात न्यायमूर्तींच्या पीठाने निकाल कंपनीच्या बाजूने दिला. २०२४ मध्ये नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने आठ विरुद्ध एक मताने तो फिरवला आणि औद्योगिक अल्कोहोलवरचा राज्यांचा अधिकार मान्य केला.

निवृत्त झाल्यावर एकदा मी हिशेब मांडला. एक टन उसातून साधारण १०० किलो साखर पोत्यात जाते आणि चाळीसेक किलो मळी उरते. त्या मळीचे अल्कोहोल सुमारे दहा लिटर, म्हणजे आठ किलो. कागदावर त्यातून साडेचार किलो ब्युटाडाइन निघायला हवे. प्रत्यक्षात काही भाग इतर रसायनांत जातो, म्हणून तीनच किलो धरू. स्टायरीन मिसळून चार किलो रबर. मोटारीच्या दोन टायरांना लागणारे कृत्रिम रबर तेवढ्यात होते, आणि तेही साखरेला हात न लावता.

एक लिटर अल्कोहोलमागे आठ-दहा लिटर किंवा त्याहून जास्त स्पेंटवॉश निघतो, ते लालसर-काळे पाणी मी एकतीस वर्षे तपासले आहे. म्हणून रबरासाठी आणखी ऊस लावा, असे मी कधीच म्हणणार नाही. आमच्या तालुक्यात उन्हाळ्यात पाण्याचा टँकर येतो. पण जी मळी निघणारच आहे, तिचे काय करायचे, हे आपल्या हातात आहे. आज ती अल्कोहोल होऊन पेट्रोलमध्ये जाते. सरकारी दर ठरलेला, गिऱ्हाईक बांधलेले, त्यामुळे कारखान्याची थकबाकी फिटते, हे मला मान्य आहे. तरी जे अल्कोहोल इंजिनात क्षणात जळून जाते, त्यातला थोडा वाटा रसायनांसाठी राखून ठेवावा असे मला मनापासून वाटते. टायरात गेलेला कार्बन निदान काही वर्षे टिकतो.

फ्रान्समध्ये मिशलिनने बोर्दोजवळ बासाँ इथे अल्कोहोलपासून ब्युटाडाइन बनवणारा प्रात्यक्षिक प्रकल्प २०२४ मध्ये सुरू केला. वर्षाला वीस-तीस टन, बस. ती बातमी वाचून मी कपाटातली जुनी नोंदवही काढली. चीफ केमिस्टांच्या आकृतीत अल्कोहोलपासून ब्युटाडाइनपर्यंत बाण होते, आणि मधल्या एका चौकटीत त्यांच्या तिरप्या अक्षरात लिहिले होते, क्रोटोनाल्डिहाइड. कोपरगाव तालुक्यातल्या साकरवाडीत ते रसायन आजही उसाच्या अल्कोहोलपासून तयार होते. आकृतीत त्या चौकटीच्या पुढे दोनच बाण आहेत.