जुन्या मोटारगाड्यांतील शीतन नळ्या

शीतन नळी ही एंजिन, रेडिएटर आणि हीटर यांच्यादरम्यान पाणी किंवा कूलंट वाहून नेणारी, धाग्यांनी बळकट केलेली रबरी नळी होय. गॅरेजच्या बोलीत तिला होज पाइप किंवा नुसते पाइप म्हटले जाते. द्रवशीतित एंजिनाच्या शीतन यंत्रणेत धातूचे भाग बरेच असले तरी एंजिन चालताना हलते आणि रेडिएटर चासीला पक्का बसवलेला असतो. या दोहोंना जोडणारा दुवा लवचीक असणे त्यामुळे भाग पडते. हा दुवा रबराचा असल्याने साऱ्या यंत्रणेत तोच सर्वांत आधी म्हातारा होतो. पंधरा-वीस वर्षे किंवा त्याहून जुन्या गाडीत नळ्यांची निवड व बदल हा देखभालीचा महत्त्वाचा भाग ठरतो, कारण नळी काहीशे रुपयांची असली तरी ती फुटल्यावर गाडी काही मिनिटे तशीच चालवली तर एंजिनाचे हेड वाकडे होऊ शकते.

रचना व कार्य

बहुतेक गाड्यांत दोन मोठ्या नळ्या असतात. वरची नळी एंजिनातून तापून आलेले पाणी थर्मोस्टॅटमार्गे रेडिएटरच्या वरच्या टाकीत नेते. खालची नळी थंड झालेले पाणी रेडिएटरच्या तळातून वॉटर पंपाकडे आणते. यांशिवाय थर्मोस्टॅट बंद असताना पाणी एंजिनातच फिरत राहावे म्हणून एक आखूड बायपास नळी आणि हीटर असल्यास त्याच्या दोन बारीक नळ्या असतात. प्रीमियर पद्मिनी, अँबॅसडर किंवा जुन्या जीपसारख्या गाड्यांत पंखा पट्ट्यावर फिरतो, तर मारुती ८०० मध्ये तो विजेवर चालतो. नळ्यांची मांडणी मात्र सर्वत्र साधारण सारखीच आढळते.

वरच्या व खालच्या नळीचे काम सारखे नाही. वरच्या नळीवर आतून दाब असतो, म्हणून ती फुगते व फुटते. खालची नळी पंपाच्या ओढीच्या बाजूला येते, म्हणून जुनी व मऊ झालेली खालची नळी एंजिनाचा वेग वाढताच आतल्या आत चपटी होऊन प्रवाह अडवू शकते. हे टाळण्यासाठी अनेक गाड्यांच्या खालच्या नळीत तारेची स्प्रिंग घातलेली असते. ही स्प्रिंग गंजून तुटली किंवा नळी बदलताना जुन्या नळीबरोबर फेकली गेली, तर गाडी गावात व्यवस्थित चालते आणि महामार्गावर वेग घेताच तापते. गाडी उभी करून बॉनेट उघडेपर्यंत नळी पूर्ववत गोल झालेली असते, त्यामुळे दोष सापडत नाही आणि रेडिएटर, थर्मोस्टॅट, पंप असा एकेक भाग विनाकारण बदलला जातो. चालकाच्या जागेवरून दुसऱ्या व्यक्तीला एंजिनाचा वेग वाढवायला सांगून खालच्या नळीकडे पाहिल्यास दोष लगेच दिसतो. नळी गाडी थंड झाल्यावर चपटी होत असेल तर दोष बहुधा रेडिएटरच्या झाकणात असतो. झाकणातील छोटा परतीचा व्हॉल्व्ह अडकला की थंड होताना यंत्रणेत निर्वात निर्माण होतो.

झाकणाचे मुख्य काम दाब राखण्याचे आहे. समुद्रसपाटीला पाणी १०० अंश सेल्सिअसला उकळते. यंत्रणेत वातावरणापेक्षा सु. एक बार अधिक दाब राखल्यास तेच पाणी १२० अंशांच्या आसपास उकळते. गरम एंजिनाचे झाकण उघडताच दाब एकदम उतरतो, पाण्याची क्षणात वाफ होते आणि उघडणाऱ्याचा चेहरा व हात भाजतात. असे अपघात नळी फुटण्याच्या घटनांपेक्षा अधिक गंभीर असतात.

साहित्य

जुन्या नळ्या नैसर्गिक रबर किंवा स्टायरीन-ब्युटाडाइन रबर आणि कापडी थर यांच्या असत. आज बाजारात मिळणाऱ्या बहुतेक नळ्या ईपीडीएम या कृत्रिम रबराच्या असतात. ईपीडीएम उष्णता, ओझोन व ग्लायकॉल यांना चांगले तोंड देते, परंतु खनिज तेलाला नाही. टॅपेट कव्हरमधून गळणारे एंजिन ऑइल नळीवर ठिबकत राहिल्यास ती फुगते, मऊ होते आणि चिकट लागते. अशा वेळी आधी तेलगळती थांबवणे आवश्यक असते, अन्यथा नवी नळीही त्याच वाटेने जाते.

निळ्या किंवा लाल रंगाच्या सिलिकॉन नळ्या अधिक उष्णता सोसतात व दीर्घकाळ टिकतात. तथापि त्यांनाही तेल चालत नाही, त्यांच्या भिंतीतून बाष्प थोडे अधिक झिरपते आणि खाचा असलेली साधी क्लिप आवळल्यास मऊ सिलिकॉन त्या खाचांतून वर येऊन कापले जाते. त्यांना आतून गुळगुळीत पट्टी असलेली क्लिप लागते. रोजच्या वापरातील जुन्या गाडीला चांगली ईपीडीएम नळी पुरेशी असते, सिलिकॉनचा खर्च बहुतेकदा दिखाव्यावरच होतो. नळ्यांच्या गुणवत्तेसाठी एसएई जे२० हे मानक जगभर वापरले जाते आणि दर्जेदार नळीवर अनेकदा त्याचा उल्लेख छापलेला असतो.

नळी निकामी होण्याची कारणे

बाहेरून दिसणाऱ्या खुणा सर्वांना ठाऊक असतात: भेगा, फुगवटा, क्लिपजवळ पांढरट किंवा हिरवट साठलेले क्षार, पट्ट्याला घासून पडलेली खोच. त्यापेक्षा फसवी झीज आतून होते. रेडिएटर व एंजिन यांचे भिन्न धातू, त्यांना जोडणारे विद्युतवाहक पाणी आणि रबरातील कार्बन मिळून एक विद्युतघट तयार होतो. त्यामुळे नळीच्या आतल्या भिंतीत, मुख्यतः टोकांजवळ, लांबीच्या दिशेने बारीक चिरा पडतात. या विद्युतरासायनिक झिजेचा शोध १९८० च्या दशकात लागला आणि त्यानंतर तिला तोंड देणारे ईपीडीएम मिश्रण प्रचारात आले. अशी नळी बाहेरून नवी दिसते. ती ओळखण्यासाठी एंजिन पूर्ण थंड असताना नळीचा मध्य व टोके बोटांनी आळीपाळीने दाबून पाहतात. टोकाकडचा भाग मध्यापेक्षा मऊ लागला, त्यात खाच जाणवली किंवा दाबताना करकर असा आवाज आला, तर नळी बदलावी. केवळ दिसण्यावर विसंबता येत नसल्याने चौथ्या-पाचव्या वर्षापासून तपासणी नियमित करणे इष्ट मानले जाते.

नवी नळी थोड्याच दिवसांत पुन्हा फुटली तर दोष सहसा नळीचा नसतो. थंड एंजिन सुरू केल्यावर एक-दोन मिनिटांतच वरची नळी दगडासारखी कडक होत असेल, तर हेड गॅस्केट उडाले असून ज्वलनाचे वायू पाण्यात शिरत आहेत, अशी शक्यता मोठी असते.

धाराशिव जिल्ह्यातील परिस्थिती

धाराशिव जिल्हा (२०२३ पूर्वी उस्मानाबाद) बालाघाटच्या पठारावर व त्याच्या उतारांवर पसरलेला आहे. एप्रिल-मे महिन्यांत येथील दुपारचे तापमान ४० अंश सेल्सिअसच्या वर जाते. सोलापूरकडून राष्ट्रीय महामार्ग ५२ ने येणारी वाहने सु. ४५ किलोमीटरच्या अंतरात मैदान सोडून तुळजापूरचा घाट चढतात. येडशीजवळ रामलिंगचा घाटही आहे. भरलेली गाडी, खालचा गिअर, मंद वेग आणि पाठीमागून वाहणारा वारा असा योग जुळला की रेडिएटरमधून जाणारी हवा घटते व एंजिनाची उष्णता वाढते. आश्विनातील नवरात्रात तुळजाभवानीच्या दर्शनासाठी वाहनांची रीघ लागते, तेव्हा रांगेत सरकत चढणाऱ्या जुन्या जीपगाड्यांची तर कसोटीच लागते. मराठवाड्यात काळी-पिवळी म्हणून ओळखल्या जाणाऱ्या प्रवासी जीपगाड्या एसटी न पोहोचणाऱ्या वाड्या-वस्त्यांना तालुक्याच्या गावाशी जोडत आल्या आहेत. अशी गाडी वाटेत बंद पडली की प्रवाशांचा बाजाराचा किंवा दवाखान्याचा दिवस वाया जातो.

उंचीचाही थोडा परिणाम होतो. समुद्रसपाटीपासून सु. ६५० मीटर उंचीवर उघडे पाणी साधारण ९८ अंशांना उकळते, म्हणजे झाकण दाब राखत नसलेल्या जुन्या गाडीत आधीच कमी असलेली सवलत आणखी घटते.

याहून मोठा प्रश्न पाण्याचा आहे. दख्खनच्या बेसाल्ट खडकातील विहिरी व विंधन विहिरींचे पाणी कॅल्शियम-मॅग्नेशियमयुक्त, जड असते. उन्हाळ्यात विंधन विहीर हाच अनेक गावांचा आधार असल्याने रेडिएटरमध्येही तेच पाणी पडते. ते तापल्यावर क्षारांचा थर रेडिएटरच्या अरुंद नळ्यांत व हेडमध्ये बसतो, प्रवाह कमी होतो, तापमान व दाब वाढतो आणि त्याचा शेवट बहुधा नळीवर होतो. पाण्यातील क्षारांमुळे वर सांगितलेली विद्युतरासायनिक झीजही बळावते. कूलंट हा फक्त बर्फाळ प्रदेशासाठी असतो, हा समज या भागात जुना आहे. प्रत्यक्षात ग्लायकॉलमुळे गोठणबिंदू उतरतो तसाच उत्कलनबिंदू चढतो, आणि त्यात मिसळलेली गंजरोधके येथील हवामानात त्याहून उपयोगी पडतात. बॅटरीच्या दुकानात मिळणारे डिस्टिल्ड पाणी कूलंटमध्ये मिसळण्यास योग्य असते. तेही नसल्यास स्वच्छ धरलेले पावसाचे पाणी विंधन विहिरीच्या पाण्यापेक्षा केव्हाही बरे.

गाडी तापते म्हणून थर्मोस्टॅट काढून टाकण्याची पद्धत उष्ण प्रदेशांत सर्वत्र आढळते. ज्या एंजिनात थर्मोस्टॅट उघडताना बायपासचा मार्ग बंद करतो, तेथे तो काढल्यावर बरेचसे पाणी रेडिएटरला वळसा घालून तसेच गरम परत फिरते आणि गाडी घाटात पूर्वीपेक्षा अधिक तापते.

निवड

नळी घेताना जुनी नळी सोबत नेणे हा सर्वांत भरवशाचा मार्ग आहे. आतला व्यास रेडिएटरच्या तोंडाशी नेमका जुळावा लागतो. सैल नळी क्लिपने आवळून बसवली तर रबराला घडी पडते व तेथून गळती सुरू होते. दोन्ही टोकांचे व्यास वेगळे असू शकतात. वाक साच्यातच घडवलेला असावा. सरळ नळी हाताने वाकवून बसवली की वाकाच्या आतल्या बाजूला ती चिमटली जाते. योग्य वाकाची नळी न मिळाल्यास दुसऱ्या गाडीच्या लांब नळीतून हवा तो तुकडा कापून घेता येतो, मात्र व्यास, भिंतीची जाडी आणि पंखा व पट्टा यांच्यापासूनचे अंतर तपासावे लागते. रबर दुकानातही म्हातारे होते. अनेक वर्षे फळीवर पडून राहिलेली, वाकवल्यावर केसासारख्या भेगा दाखवणारी नळी मूळ कंपनीची असली तरी घेऊ नये.

बदलण्याची पद्धत

एंजिन पूर्ण थंड झाल्यावर झाकण काढून रेडिएटरच्या तळाचा कॉक उघडतात व द्रव पसरट भांड्यात धरतात. एथिलीन ग्लायकॉल गोड व विषारी असते. अंगणात सांडलेले कूलंट कुत्री, शेळ्या, वासरे चाटू शकतात, म्हणून ते उघड्यावर किंवा गटारात टाकू नये.

क्लिप सैल केल्यावर नळी सुटत नसेल तर स्क्रू ड्रायव्हरने उचकटणे टाळतात, कारण जुन्या तांब्या-पितळेच्या रेडिएटरचे तोंड डाग देऊन जोडलेले असते आणि जोर लावल्यास तो डाग सुटतो. नळी ब्लेडने लांबीच्या दिशेने चिरून सोलून काढणे सुरक्षित ठरते. मग तोंडावरील क्षार व रबराचे अवशेष बारीक पॉलिश पेपरने घासून काढतात. तोंड खोल खड्डे पडण्याइतके गंजले असेल तर नवी नळीही गळतेच. क्लिपा आधी नळीवर ओवून घेतात, तोंड साध्या पाण्याने ओले करतात (ग्रीस किंवा ऑइल लावत नाहीत) आणि नळी पूर्ण आत सरकवतात. क्लिप तोंडावरील उंचवट्याच्या मागे आणि नळीच्या कडेपासून थोडी आत बसली पाहिजे. उंचवट्यावरच बसलेली क्लिप दाब आल्यावर घसरते. ती इतकीच आवळतात की रबर किंचित दबेल. कापले जाईपर्यंत आवळलेली क्लिप गळती थांबवत नाही, तर पुढच्या वेळची गळती तयार करते.

भरताना हीटरचा व्हॉल्व्ह उघडा ठेवतात व द्रव सावकाश ओततात. झाकण उघडे ठेवूनच थंड एंजिन सुरू करून थर्मोस्टॅट उघडेपर्यंत चालू ठेवतात. या वेळी वरची नळी हलके दाबत राहिल्यास अडकलेली हवा बुडबुड्यांच्या रूपाने बाहेर पडते. पातळी खाली गेल्यावर भर घालून झाकण लावतात. दुसऱ्या दिवशी थंड अवस्थेत पातळी पुन्हा पाहतात आणि क्लिपा तपासतात, कारण पहिल्या एक-दोन फेऱ्यांत रबर थोडे बसते. एक नळी गेली असल्यास तिच्याच वयाच्या बाकीच्या नळ्या व पंख्याचा पट्टा त्याच वेळी बदलणे सोयीचे होते.

सुट्या भागांची उपलब्धता

मूळचे सोलापूरचे उद्योगपती वालचंद हिराचंद यांनी १९४४ मध्ये स्थापन केलेल्या प्रीमियर ऑटोमोबाइल्सच्या कुर्ला येथील कारखान्यात १९६४ पासून फियाट ११०० डिलाइट तयार होऊ लागली. पुढे तीच प्रीमियर पद्मिनी झाली. तिचे उत्पादन २००० च्या सुमारास थांबले. २० वर्षांच्या वयोमर्यादेमुळे मुंबईतील शेवटच्या पद्मिनी टॅक्सी ऑक्टोबर २०२३ च्या अखेरीस सेवेतून गेल्या आणि या गाडीच्या सुट्या भागांचा सर्वांत मोठा ग्राहक नाहीसा झाला. मारुती ८०० (१९८३–२०१४) व जुन्या जीपगाड्यांच्या नळ्या तालुक्याच्या गावीही मिळतात. पद्मिनीसाठी मात्र सोलापूरची दुकाने, पुण्याचा जुना बाजार किंवा कुर्ल्याचा सुट्या भागांचा बाजार धुंडाळावा लागतो.

खासगी गाडीची नोंदणी १५ वर्षांनी संपते व त्यानंतर दर पाच वर्षांनी तपासणीनंतर तिचे नूतनीकरण करावे लागते. धाराशिव जिल्ह्यात हे काम एमएच-२५ क्रमांकमालिकेच्या परिवहन कार्यालयात होते. जुनी गाडी बाळगणारे अनेकजण डिकीत एक वरची नळी, दोन क्लिपा व पाण्याचा कॅन ठेवतात. वाटेत नळी चिरली तर ती कोरडी पुसून सायकलच्या ट्यूबची पट्टी ताणून गुंडाळतात, वर बाइंडिंग वायर बांधतात आणि झाकण पहिल्या खाचेपर्यंतच फिरवतात, जेणेकरून दाब चढत नाही. अशा स्थितीत पाणी लवकर उकळते, म्हणून काट्याकडे लक्ष ठेवून, थांबत थांबत जवळच्या गॅरेजपर्यंतच गाडी नेता येते.